कागदाचे नाटक

आपल्या कोकणात पिंगुळीचे चित्रकथी चित्रे दाखवून रामायण सांगतात. जपानातही असाच एक खेळ आहे. त्याचे नाव कामिशिबाई, म्हणजे कागदाचे नाटक.

१९३० च्या सुमारास तिकडे मोठी मंदी आली. पुष्कळांचे काम गेले. त्यांतल्या कित्येकांनी सायकलीवर लाकडी पेटी बांधली. गल्लीत टिपऱ्या वाजवल्या की पोरे धावत येत. खेळाला तिकीट नव्हते. खाऊ विकायचा, तीच कमाई. एकेक चित्र सरकवीत गोष्ट रंगवायची, अन् ऐन रंगात थांबवायची. पुढचे उद्या!

१९५३ साली टेलिव्हिजन आला. हळूहळू हा धंदा बसला. पण खेळ मेला नाही. आज तो शाळांत, वाचनालयांत चालतो. चित्रामागे गोष्ट लिहिलेली असते. ज्याला वाचता येते, त्याला ती सांगता येते. आता आपल्यालाही वाचता येते, नाही का?