नाव एक, रीती दोन

आपल्या सीमाभागात ‘अण्णा’ ही हाक ऐकली, तर ती मराठी की कानडी असा प्रश्न कुणाला पडत नाही. कानडीत अण्णा म्हणजे थोरला भाऊ, अप्पा म्हणजे वडील आणि अक्का म्हणजे थोरली बहीण. मराठीनं हे शब्द इतके आपलेसे केले की मल्लप्पा, यल्लप्पा ही नावं आज मराठी घरांतही सहज आढळतात.

अडचण येते ती फॉर्म भरताना. मराठी रीत अशी की आधी स्वतःचं नाव, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव. कर्नाटकात बऱ्याच ठिकाणी गावाचं व वडिलांचं आद्याक्षर आधी येतं आणि स्वतःचं नाव शेवटी. शेवटचा शब्द तेवढा आडनाव, असं धरलं की एकाच घरातले बापलेक परके वाटू लागतात.

याचं सुरेख उदाहरण मला देवासला आठवलं. बेळगावजवळच्या सुळेभावी इथं १९२४ साली जन्मलेले शिवपुत्र सिद्धरामय्या कोमकली १९४८ मध्ये देवासला आले आणि तिथलेच झाले. जग त्यांना कुमार गंधर्व म्हणून ओळखतं. ती लहानपणी मिळालेली पदवी. वडिलांच्या नावातले सिद्धराम म्हणजे आपल्या सोलापूरचे सिद्धरामेश्वर, आणि ‘अय्या’ हा कानडी आदर. मुलगा मुकुल शिवपुत्र वडिलांचं नाव लावतो, मुलगी कलापिनी कोमकली, आणि मुकुलजींचा मुलगा भुवनेश पुन्हा कोमकली. एकाच घरात दोन रीती, आणि गाण्याचा वारसा मात्र अखंड!

त्याच मुलखात, धार जिल्ह्यात नर्मदेच्या खोऱ्यात निसरपूर आहे. जुनं निसरपूर २०१९ मध्ये सरदार सरोवराच्या पाण्याखाली गेलं. लोक पुनर्वसनाच्या वसाहतीत गेले, पण गावाचं नाव त्यांनी सोबत नेलं. अलमट्टीच्या पाण्यानं जुन्या बागलकोटचा मोठा भाग सोडावा लागलेल्यांना हे वेगळं सांगायला नको. म्हणून वाटतं, आपल्या आडनावातला ‘कर’ किंवा कानडी नावाआधीचं गावाचं आद्याक्षर निरर्थक समजून टाकून देऊ नये. पूर्वज कुठून आले, याचा तेवढाच पुरावा कित्येक घरांत उरलेला असतो.

गावाप्रमाणे आईही नावात राहू शकते. धारवाडचे द. रा. बेंद्रे यांच्या घरची भाषा मराठी, पण ते कानडीचे थोर कवी झाले. १९७३ चं ज्ञानपीठ त्यांना मिळालं. कवितेसाठी त्यांनी नाव घेतलं ‘अंबिकातनयदत्त’, म्हणजे अंबिकेचा मुलगा दत्त. महाराष्ट्रात आता १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर स्वतःच्या नावानंतर आईचं, मग वडिलांचं नाव आणि आडनाव असा क्रम ठरला आहे. आमच्या नातीच्या नावात तिच्या कानडी आईचं नाव आलं, तेव्हा सुनेच्या माहेरी किती आनंद झाला!

वाचकहो, दोन गोष्टी जरूर करा. जन्मदाखल्यावर नावाचा जो क्रम व जे स्पेलिंग असेल, तेच शाळेत आणि आधारवर ठेवा. आणि मूल कळतं झालं की नावातला प्रत्येक शब्द कुणाचा, कुठला, हे दोन्ही भाषांत सांगा. कागद सरकार सांभाळेल. ही गोष्ट मात्र घरानंच सांगायची असते.