सत्तर रुपये अजून सत्तरच कसे?

उसने दिलेले पैसे बुडाले की मराठी माणूस मित्राला सांगतो, ‘सत्तर रुपये वारले!’ रक्कम पाचशे असो नाहीतर पाच हजार, वाक्यात सत्तरच. हे वाक्य ‘अशी ही बनवाबनवी’ या पिक्चरमधलं, तो १९८८ साली आला. तेव्हापासून महागाई कुठल्या कुठे गेली, पण हा आकडा कुणी एका रुपयाने वाढवला नाही. पिक्चरमधलं एक वाक्य इतकी वर्षं जसंच्या तसं लोकांच्या तोंडी राहतं, हे केवढं नवल आहे!

प्रसंग आठवून पाहा. भाडेकरू धनंजय माने, म्हणजे अशोक सराफ. घरमालक विश्वास सरपोतदार, म्हणजे सुधीर जोशी. औषध मागवून देतो म्हणून मान्यांनी पैसे घेतलेले. औषध आणणारा मित्र वारला, असं ते सांगतात. मालक सत्तर रुपयांचं विचारतात, तर तेही वारले! दुःखाची बातमी द्यावी तशा सुरात माने हे सांगतात. आता मालकाने भांडायचं कुणाशी?

कथेचा सांगाडा हृषिकेश मुखर्जींच्या १९६६ सालच्या ‘बीवी और मकान’चा. पण त्यात मराठी प्राण फुंकला वसंत सबनीसांच्या संवादांनी. ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य लिहिणारा हा लेखक. लोकनाट्याच्या बतावणीत सवाल आला की जवाब तयार लागतो. लांबण लावली की प्रेक्षक हातचा जातो. ‘हा माझा बायको पार्वती’ या चार शब्दांत भाड्याच्या खोलीसाठी साडी नेसलेला मान्यांचा मित्र परशा आहे, ठोकून दिलेली थाप आहे आणि ती उघडी पडायची धास्तीही आहे. एकदा ऐकलं की पाठ!

पण नुसतं पाठ होऊन वाक्य टिकत नाही, ते रोजच्या उपयोगाला यावं लागतं. मान्यांच्या खिशात पैसा नाही, डोक्यावर हक्काचं छप्पर नाही, तरी जीभ कधी अडत नाही. पुण्या-मुंबईत खोली शोधत वणवण केलेल्या माणसाला हा गडी आपलाच वाटतो. त्याचं वाक्य उचलताना आपण घटकाभर त्याची हिंमतही उचलतो. शिवाय कुणी अर्धं वाक्य टाकलं आणि अनोळखी माणसाने ते पूर्ण केलं, की ओळख करून द्यायची गरजच उरत नाही.

सबनीस २००२ साली गेले, परशा साकारणारे लक्ष्मीकांत बेर्डे २००४ साली. त्यानंतर जन्मलेली मुलं ही वाक्यं आधी काकाच्या तोंडून किंवा मीममध्ये ऐकतात आणि मग पिक्चर लावायला सांगतात. उसनवारी आणि घरभाडं जोवर आहे, तोवर मराठीत धनंजय मान्यांना काम आहे.