टाकी रिकामी कधी होते?

आमचं वडनेर भोलजी नांदुरा तालुक्यात, मुंबई–कोलकाता महामार्गावर. हा रस्ता साधारण पूर्व-पश्चिम जातो, म्हणून भाचीला आलेख समजावताना मी त्यालाच एक्स-अक्ष केलं. शेतातली पाऊलवाट महामार्गाला लागते तिथं ती रस्त्यापासून किती दूर? शून्य. म्हणून एक्स-अक्षावर वाय शून्य.

"पण मामा, एक्स-अक्षावरचा बिंदू काढाचा, तं एक्स शून्य घ्याचा न?"

याच घोळात दहावीला माझे दोन गुण गेले होते.

मग कपाशीच्या फवारणीसाठी भरलेली टाकी घेतली. पाणी ५०० लीटर, मिनिटाला २५ लीटर जातं. वाय = ५०० − २५ एक्स. एक्स शून्य म्हणजे तोटी आत्ताच उघडली. रेषा वाय-अक्षाला (०, ५००) वर छेदते. आता वाय शून्य करा, एक्स येतो २०. विसाव्या मिनिटाला टाकी कोरडी, बिंदू (२०, ०). दोन बिंदू मिळाले की पट्टी ठेवायची.

देकार्तनं १६३७ मध्ये बीजगणित आणि भूमिती अशी एकत्र बांधली. फवारणी त्याच्या डोक्यात नसणार, हे खरं.

वक्राचं तंत्रही तेच. वाय = एक्स² − ५ एक्स + ६ हा एक्स-अक्षाला २ आणि ३ वर, वाय-अक्षाला ६ वर छेदतो. मग मी वाय = एक्स² + १ दिलं. तिनं बरीच खाडाखोड केली.

"मामा, हे तं रस्त्याला लागतच नाही!"

"नाहीच लागत. वरूनच माघारी फिरते."