'कोमेजणे' आणि 'मर' : एक लक्षण, भिन्न कारणे

रोप कोमेजले की त्याला पाणी कमी पडले, असे व्यवहारात सहज गृहीत धरले जाते. वस्तुतः 'कोमेजणे', 'मलूल होणे', 'माना टाकणे' हे शब्दप्रयोग डोळ्यांना दिसणारी अवस्था तेवढी सांगतात. तिच्या कारणाविषयी ते मौन पाळतात. 'सुकणे' या क्रियापदात मात्र पाण्याचा अभाव अध्याहृत आहे. म्हणून कोमेजलेले रोप 'सुकले' असे म्हणताच निरीक्षणाच्या जागी निदान येऊन बसते, आणि ते निदान चुकल्यास पीक हातचे जाते.

कोवळ्या रोपाचा ताठपणा पेशींतील पाण्याच्या दाबावर अवलंबून असतो. हा दाब सामान्यतः वातावरणाच्या दाबाच्या ५ ते १० पट असतो. पानांतून बाष्परूपाने जाणारे पाणी मुळांनी शोषलेल्या पाण्याहून अधिक झाले की दाब उतरतो व पाने लोंबतात. भर दुपारी लोंबलेली पाने सायंकाळी आपोआप सावरतात. त्यास रोग म्हणता येत नाही. पहाटेसही रोप मलूल दिसले, तर मात्र कारण शोधणे अगत्याचे ठरते.

पहिले कारण अवर्षणाचे. ब्रिग्ज व शांट्झ या अमेरिकन संशोधकांनी १९१२ मध्ये असे दाखविले की, जमिनीतील ओलावा एका मर्यादेखाली गेला म्हणजे नव्याने पाणी मिळाल्यावाचून रोप सावरत नाही. ही मर्यादा रेताड जमिनीत अल्प, तर भारी काळ्या जमिनीत बरीच वरची असते. कारण चिकणमातीचे सूक्ष्म कण पाणी घट्ट धरून ठेवतात. जमिनीत ओल असणे आणि ती रोपास उपलब्ध असणे या दोन निराळ्या गोष्टी होत.

दुसरे कारण याच्या नेमके उलट. मुळांना श्वसनासाठी प्राणवायू लागतो. चिबड जमिनीत मातीच्या पोकळ्या पाण्याने भरून जातात, मुळे गुदमरतात आणि पाण्यात उभे असूनही त्यांना ते शोषता येत नाही. कपाशीवरील 'आकस्मिक मर' हे याचे ठळक उदाहरण होय. दीर्घ उघडिपीनंतर जोराचा पाऊस झाला किंवा भरपूर पाणी दिले गेले, की बोंडे धरलेली झाडे एक-दोन दिवसांत माना टाकतात. त्या वेळी आणखी पाणी देणे म्हणजे हानीत भर घालणे होय.

तिसरे कारण बुरशीचे. तुरीच्या मर रोगास कारणीभूत होणाऱ्या फ्युजेरियम बुरशीचे वर्णन बटलर यांनी १९१० मध्ये केले. ही बुरशी मुळांवाटे शिरून जलवाहिन्या निकामी करते. खोड उभे चिरल्यास आत काळपट रेषा दिसतात. असे झाड सहसा वाचत नाही. पिकांची फेरपालट व प्रतिकारक वाण हेच त्यावर उपाय.

येथे परिभाषेतील एक अडचण ध्यानात येते. कपाशीच्या विकृतीत रोगजंतू नसतो आणि वेळीच उपाय केल्यास काही झाडे पुन्हा तरारतात. तथापि दोहोंस 'मर' हेच नाव मिळाले आहे. नावातच मरण आल्यामुळे वाचू शकणारे झाडही गेल्यात जमा धरले जाण्याचा धोका संभवतो.

म्हणून उपचाराआधी मुळांजवळची माती वीतभर उकरून पाहावी. ती कोरडी असल्यास सकाळी वा सायंकाळी सावकाश पाणी द्यावे व पालापाचोळ्याचे आच्छादन घालावे. ती चिखलासारखी असल्यास चर काढून पाणी बाहेर काढावे व वरची माती मोकळी करावी. दोन्ही उपायांचे साध्य एकच, आणि त्यासाठी मराठी शेतकऱ्याजवळ शब्द पूर्वापार आहे : 'वाफसा'. माती ना कोरडी, ना चिखल. तिच्यात पाणी आणि हवा दोन्ही नांदतात, अशी ही अवस्था. 'कोमेजणे' या शब्दात जे कारण सापडत नाही, त्यावरील उपाय 'वाफसा' या एका शब्दात सामावलेला आहे.