पासवर्ड फुटतो एकीकडे, घरफोडी दुसरीकडे
बारावीचा निकाल लागला की जिंतूर, सेलू, गंगाखेडच्या ई-सेवा केंद्रांवर झुंबड उडते. प्रवेशफेरीचे अर्ज, महाडीबीटीची शिष्यवृत्ती, मधूनच कुणाच्या वडिलांचा पीकविमा. पोराकडे ई-मेल नसेल तर केंद्रचालक तिथल्या तिथे काढून देतो आणि पासवर्ड टाकतो: पोराचं नाव, पुढे @123. पुढच्यालाही तसाच. शेतकऱ्याच्या अर्जात तर कित्येकदा स्वतःचाच ई-मेल घालून मोकळा होतो. रांग मोठी, सर्व्हर डाउन. त्याला तरी नावं काय ठेवायची? एक मोठं अक्षर, एक आकडा, एक चिन्ह ही पोर्टलची अट या पासवर्डने अगदी नियमानुसार पूर्ण होते.

आता शिकल्यासवरलेल्यांचं पाहा. मे 2017 मध्ये झोमॅटोच्या सुमारे 1 कोटी 70 लाख ग्राहकांची माहिती चोरीला गेली. चोरीची सुरुवात मात्र झोमॅटोत झालीच नव्हती. 2015 मध्ये ‘000वेबहोस्ट’ या फुकट होस्टिंग देणाऱ्या कंपनीचे 1 कोटी 30 लाखांवर पासवर्ड फुटले होते, तेही उघडेवाघडे. त्यात झोमॅटोच्या एका डेव्हलपरचं खासगी खातं होतं आणि तोच ई-मेल, तोच पासवर्ड त्याने कोड साठवायच्या गिटहब या संकेतस्थळावरही ठेवला होता. तिथून चोर कंपनीच्या कोडपर्यंत गेला आणि कोडमधली फट शोधून ग्राहकांच्या माहितीपर्यंत.

खरं तर कंपन्यांनी पासवर्ड साठवायचाच नसतो, त्याचा ‘हॅश’ साठवायचा असतो. गव्हाचं पीठ होतं, पिठाचे गहू होत नाहीत, तसं हे एकाच दिशेने जाणारं गणित. मग चोराच्या हाती पीठ लागलं तर बिघडलं कुठे? एमडी5 या जुन्या पद्धतीने ‘123456’चा हॅश काढला तर 32 अक्षरांची ओळ येते. ती ‘ई10एडीसी3949’ अशीच सुरू होणार, परभणीत काढा नाहीतर पॅरिसला. चोर गणित उलटं सोडवत बसत नाही. नेहमीच्या पासवर्डांचे हॅश काढून ठेवतो आणि नुसते जुळवतो. म्हणून प्रत्येक पासवर्डात आधी काही वेगळी अक्षरं, म्हणजे ‘सॉल्ट’, मिसळतात. 2012 मध्ये फुटलेल्या लिंक्डइनच्या यादीत तेवढंही नव्हतं. अर्थात जिथे अशा जुन्या, वेगवान पद्धती वापरतात तिथे सॉल्ट असूनही नाव@123 फार टिकत नाही. मराठी नावांची यादी करून प्रत्येकापुढे @123 लावून पाहायला संगणकाला कितीसा वेळ लागणार!

जानेवारी 2019 मध्ये ‘कलेक्शन #1’ नावाची यादी उघडकीला आली. तिच्यात 77 कोटींवर ई-मेल होते आणि वेगवेगळे पासवर्ड जेमतेम 2 कोटी 12 लाख. ई-मेल आणि पासवर्डच्या अशा जोड्या घेऊन बॉट, म्हणजे आपोआप चालणारे प्रोग्राम, दुसऱ्या संकेतस्थळांची दारं ठोठावत सुटतात. हजारात एक जोडी लागली, तरी लाखाच्या यादीतून शंभर खाती उघडली. बँकेच्या दारात निदान ओटीपी आडवा येतो. ई-मेलचं खातं उघडलं तर मात्र ‘पासवर्ड विसरलात?’ची प्रत्येक लिंक चोराच्याच पुढ्यात. आणि तो ई-मेल केंद्रचालकाचा असला तर त्यामागे गावातले किती अर्ज असतील, याचा हिशेब त्यालाही सांगता यायचा नाही. केंद्राच्या संगणकावर क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर असेल तर यादी फुटायचीही वाट पाहावी लागत नाही. त्यातून शिरलेला व्हायरस ब्राउझरमध्ये ‘सेव्ह’ केलेले सगळे पासवर्ड उचलून नेऊ शकतो.

त्यामुळे आधी ई-मेलचा पासवर्ड बदलावा, तो दुसरीकडे कुठेही वापरू नये आणि द्विस्तरीय पडताळणी चालू करावी. पैसे गेलेच तर लगेच 1930 ला फोन.

आपला पासवर्ड फुटलाय का, हे तो कुणाला न सांगता तपासता येतं. सुरक्षातज्ज्ञ ट्रॉय हंट यांच्या ‘हॅव आय बीन पोन्ड’ या सेवेकडे हॅशची फक्त पहिली पाच अक्षरं जातात. तशी सुरुवात असलेले सगळे फुटलेले हॅश परत येतात आणि जुळणी आपल्याच संगणकावर होते. अमेरिकेच्या ‘निस्ट’ या मानक संस्थेने 2017 मध्येच सांगितलं की ठरावीक दिवसांनी पासवर्ड बदलायला लावू नका, नवा पासवर्ड फुटलेल्या पासवर्डांच्या यादीशी ताडून पाहा. हंट यांच्याकडची अशी यादी फुकट मिळते. आपल्या पोर्टलांनी ती जोडली, तर फुटलेला पासवर्ड अर्ज भरतानाच नाकारला जाईल.