माळ्यावरचा लॅपटॉप झाला घरचा सर्व्हर

नवा लॅपटॉप घरात आला की जुना माळ्यावर जातो. भंगारात द्यायला मन होत नाही आणि वापरायला कुणाला वेळ नसतो. मैत्रिणींनो, अशा लॅपटॉपला एक कायमची नोकरी देता येते, घरच्या वेब सर्व्हरची!

नावाला बिचकू नका. सर्व्हर म्हणजे पंगतीतला वाढपी. आपण फोनवरून पान मागायचं आणि त्यानं ते वाढायचं. सासूबाईंच्या लोणच्याचं प्रमाण, लग्नातले फोटो, मुलांच्या लसीकरणाच्या तारखा हे सगळं आज चार जणांच्या चार फोनमध्ये विखुरलेलं असतं. एक फोन पाण्यात पडला की तेवढा संसार बुडाला. तेच एका ठिकाणी ठेवलं, तर घरातल्या प्रत्येकाला आपापल्या फोनवर दिसतं. इंटरनेट बंद असलं तरी दिसतं. वाय-फायचा डबा तेवढा चालू हवा.

साहित्य : ६४-बिटचा, २ जीबी मेमरी असलेला जुना लॅपटॉप, एक रिकामा पेन ड्राइव्ह, घरचं वाय-फाय आणि एक निवांत दुपार. लॅपटॉपची बॅटरी फुगलेली असेल तर ती आधी काढून टाकावी, तशी वापरू नये.

कृती : लॅपटॉपमधले जुने फोटो आधी दुसरीकडे उतरवून घ्यावेत, कारण पुढच्या पायरीत सगळं पुसलं जातं. मग दुसऱ्या संगणकावरून ‘डेबियन’ ही फुकट मिळणारी प्रणाली पेन ड्राइव्हवर घेऊन ती लॅपटॉपवर चढवावी. पडद्याची निवड विचारली की ‘एक्सएफसीई’ निवडावं, ते हलकं आहे.

आता वाढपी नेमायचा. यान क्नेश्के या जर्मन गृहस्थांनी २००३ साली अगदी कमी मेमरीत चालणारा एक सर्व्हर लिहिला, त्याला लाडानं ‘लाइटी’ म्हणतात. त्याचं पूर्ण नाव इंग्रजीत लिहिताना ‘लाइट’ या शब्दाला टी-पी-डी ही अक्षरं जोडायची. ‘रूट’ म्हणजे मालकाच्या नावानं आत जाऊन ‘एपीटी इन्स्टॉल’ आणि पुढं हे नाव टाइप केलं की तो आपोआप बसतो आणि कामालाही लागतो.

त्याचं फडताळ ठरलेलं असतं. ‘व्हार’ या फोल्डरमध्ये तीन डब्ल्यूंचा फोल्डर आणि त्यात ‘एचटीएमएल’. पहिल्या पानाला ‘इंडेक्स डॉट एचटीएमएल’ असंच नाव द्यावं. पानाच्या डोक्यावर ‘यूटीएफ-८’ लिहायला विसरू नये, नाहीतर मराठी अक्षरांच्या जागी भलतीच चिन्हं दिसू शकतात.

घराचा पत्ता कळण्यासाठी ‘होस्टनेम’, जागा, आडवी रेघ आणि मोठा ‘आय’ असं टाइप करावं. १९२.१६८.१.२० अशा धर्तीचा आकडा येतो. तोच फोनच्या ब्राउझरमध्ये घातला की आपलं पान उघडतं. हा आकडा बदलू नये म्हणून वाय-फायच्या सेटिंगमध्ये तो कायम करून घ्यावा.

विजेचं काय, हा प्रश्न आपल्या मनात येणारच. हिशेब सोपा आहे. १५ वॅटचा लॅपटॉप दिवसरात्र चालला तर ३० दिवसांत १०.८ युनिट जळतात. ८० वॅटचा मोठा संगणक ठेवला तर ५७.६! म्हणून या कामाला लॅपटॉपच बरा. शिवाय बॅटरी चांगली असेल तर वीज गेल्यावर थोडा वेळ तग धरतो. झाकण मात्र उघडं ठेवावं, नाहीतर तो झोपी जातो.

जगातला पहिला वेब सर्व्हर टिम बर्नर्स-ली यांनी १९९० साली स्वित्झर्लंडमधल्या ‘सर्न’ संस्थेत चालवला. त्या संगणकावर ‘हा सर्व्हर आहे, बंद करू नका’ अशी चिठ्ठी डकवलेली होती. आपणही तशी डकवावी. झाडलोट करताना बटन बंद करायची सवय सगळ्याच घरांत असते.

आता काळजीच्या गोष्टी. कुणी कितीही सांगितलं तरी वाय-फायच्या सेटिंगमधून बाहेरच्या जगासाठी दार उघडू नये. आपला सर्व्हर उंबऱ्याच्या आतच शोभतो. वाय-फायचा पासवर्ड ज्याच्याकडे आहे त्याला ही पानं दिसतात, तेव्हा बँकेचे आकडे आणि आधारच्या प्रती इथं ठेवू नयेत. आठवड्यातून एकदा प्रणाली अद्ययावत करावी. महिन्यातून एकदा सगळ्याची नक्कल दुसऱ्या डिस्कवर घ्यावी, कारण जुन्या लॅपटॉपची डिस्क कधी दगा देईल सांगता येत नाही.

आणि शेवटचं, पण महत्त्वाचं. असली कामं मुलगा किंवा ‘हे’ करून देतात आणि आपण लांबून बघतो. मुलगा शिकायला परगावी गेला की तो सर्व्हर मुका होतो. म्हणून प्रत्येक आज्ञा स्वतःच्या हातानं टाइप करा, मालकाचा पासवर्ड आपल्या वहीत लिहा आणि ती वही दागिन्यांच्या डब्याशेजारी ठेवा. घरातल्या आठवणी इतकी वर्षं आपणच सांभाळल्या. त्यांची किल्लीही आपल्याकडेच हवी.