‘कुंकू’ आणि न पटणारी गोष्ट

जी कादंबरी शीर्षकापासूनच वाचकाचा रोष पत्करण्यास सिद्ध असते, ती पडद्यावर आणताना तिची धार बोथट करण्याचा मोह भल्याभल्यांस आवरत नाही. नारायण हरी आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’वरून प्रभात फिल्म कंपनीने १९३७ साली पुण्यात ‘कुंकू’ काढला तेव्हा व्ही. शांताराम यांनी तो मोह बव्हंशी आवरला, हे मला त्यांच्या साऱ्या कर्तृत्वात विशेष मोलाचे वाटते.

विषय जरठ-कुमारी विवाहाचा. देवलांच्या ‘शारदा’ नाटकाने १८९९ सालीच या रूढीवर कोरडे ओढले होते; परंतु तेथे ऐन वेळी सगोत्रत्व उघडकीस येऊन लग्न मोडते आणि प्रेक्षक निर्धास्त मनाने घरी जातो. आपट्यांची नीरा मात्र फसवणुकीने बोहल्यावर चढते, आणि कथेला खरा आरंभ होतो तो अक्षता पडल्यानंतर. कारण वृद्ध वकील काकासाहेबांची पत्नी म्हणून नांदण्यास ती साफ नकार देते. अशा नकाराची किंमत मुंबई इलाख्याने रखमाबाईंच्या खटल्यात पाहिली होती: १८८७ साली न्यायालयाने पतीकडे नांदावयास जा, नाहीतर सहा महिने कैद भोगा, असा हुकूम फर्मावला, तेव्हा त्या माउलीने तुरुंग पत्करण्याची तयारी दर्शविली.

कादंबरीत जो युक्तिवाद पानोपानी करता येतो, तोच पडद्यावर व्याख्यान होऊन बसतो. म्हणून शांतारामांनी तो वस्तूंच्या आणि ध्वनींच्या हवाली केला. चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. घरात जे वाजते तेवढेच कानी पडते. केशवराव दाते यांचे काकासाहेब आरशापुढे आपले वय न्याहाळतात, भिंतीवरचे जुने घड्याळ ठोके देत राहते, आणि कोणीही काही न बोलता त्या संसाराचा निकाल लागतो. शांता आपटे यांची नीरा रडत नाही, याचना करीत नाही. ती ताठ उभी राहते.

शेवट मात्र मला मान्य नाही. पश्चात्तापदग्ध काकासाहेब आत्महत्या करून नीरेस मोकळी करतात. पती हयात असताना, त्याच्या मेहेरबानीवाचून, तिला ‘नाही’ म्हणण्याचा अधिकार आहे की नाही, या मूळ सवालाचा फैसला तेवढ्याने टळतो. वादग्रस्त कादंबरीवर पटकथा लिहू इच्छिणाऱ्यांनी, विशेषतः आमच्या छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठातील नाट्यशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी, आधी आपट्यांची कादंबरी वाचावी, मग ‘कुंकू’ पाहावा, आणि त्या अखेरच्या प्रसंगावर आपसांत मनसोक्त भांडावे.